ती परत का येते

आई, तू चामटोलीहून परत का आलीस? सरळच विचारते, आडून आडून विचारलेलं तुला कधी खपलं नाही. माझ्या कादंबरीची संपादक बाई आठवडाभर माझा पिच्छा पुरवते आहे. शेवटाकडे माझी नायिका माहेर सोडून नवऱ्याकडे परत येते. बाई म्हणते, "मॅडम, येते ते ठीक, पण का येते? त्याच्यावर जीव आहे म्हणून, की दुसरं कुठे जाता येत नाही म्हणून? वाचकाला पटायला नको?" मी तोऱ्यात म्हटलं, पटेल की! फोन ठेवला आणि तेव्हापासून बदलापूरच्या या फ्लॅटमध्ये नुसत्या येरझारा घालते आहे. काल भात करपला. मलाच कळत नाही ती का येते, तर वाचकाला काय कळणार, कपाळ!

तुला माझ्या प्रेमकथांचं कौतुक नव्हतंच. पहिली कथा छापून आली तेव्हा अंबरनाथच्या क्वार्टरमध्ये भाजी फोडणीला टाकता टाकता तू ती माझ्याकडून वाचून घेतलीस. म्हणालीस, "ही दोघं जेवत नाहीत का गं कधी? नुसती एकमेकांकडे बघत बसलीत. भांडत पण नाहीत. ज्याच्याशी भांडावंसं वाटत नाही, त्याच्याशी संसार कसला डोंबलाचा!" असा राग आला होता मला, जेवायलाही तुझ्याशेजारी बसले नाही. आता माझी माणसं जेवतात, भांडतात, कचाकचा बोलतात, तरी गाडी अडलीच आहे.

अडणारच, कारण ही नायिका तू आहेस. उल्हासनगरला कॅम्प दोनमध्ये सिंधी सेठच्या दुकानात तू साड्यांना फॉल-पिको करायला जायचीस. तिथून आलीस की तुझा चेहराच वेगळा असायचा, सेठची नक्कल करून मला हसवायचीस. फॅक्टरीत कुणीतरी बाबांना बायकोच्या कामावरून टोमणा मारला आणि ते घरी येऊन म्हणाले, उद्यापासून बंद. सकाळी ते ड्यूटीवर गेल्यावर तू घरच्या शिलाई मशीनचं हेड स्टँडवरून सोडवलंस, गोधडीत बांधलंस आणि मला घेऊन थेट चामटोलीला माहेर गाठलंस. कपडे मात्र घरीच राहिले. मामी म्हणाली, "अगो बाय, लुगरी नाय आनलीस न् मशीन आनलीस?" सगळे हसले, तूही हसलीस. मग मागच्या पडवीत जाऊन रडलीस, मी बघितलं.

बाबा आले ते रविवारी. मामाने ओटीवर बसवलं, चहा दिला. बाबा कुणाकडेच न बघता म्हणाले, "स्टँड नुसता पडलाय घरात. अडगळ झालीय." तू आतून, दाराआडून: "मग द्या फेकून." बाबा म्हणाले, "फेकायचा असता तर इथवर आलो असतो का?" बस्स, एवढंच. ना माफी, ना मनधरणी. थोड्या वेळाने तू निघालीस. हेड खांद्यावर घेऊन बाबा पुढे, आपण मागे. सोमवारी तू कॅम्प दोनला कामावर गेलीस आणि बाबांनी तो विषय परत काढला नाही.

हे मी कितीदा लिहून खोडलं. एकदा नायकाला रडवलं, शी! एकदा त्याच्या हातात गजरा दिला. काही जमेना. शेवटी बाबांचं वाक्य होतं तसं घातलं आणि माझ्याच अंगावर काटा आला. त्याला ती किती हवी आहे, ते त्या स्टँडमध्ये अख्खं आलं. पण तुझं काय? दारामागे तुझा चेहरा कसा होता? परवा न राहवून बाबांनाच विचारलं. हल्ली त्यांना ऐकू कमी येतं, ओरडून विचारावं लागलं. ते म्हणाले, "ती होती तेव्हा तिलाच विचारायचं होतंस ना. मी नाही कधी विचारलं. भीती वाटायची." आणि टीव्हीचा आवाज वाढवून बसले.

आज सकाळी बाईला प्रकरण पाठवलं. ती त्याच्यासाठीच येते, असं लिहिलं आहे. दाराआड तिला हसू फुटतं, ते ती पदराने दाबते. बाई खूश आहे, म्हणाली, आता पटलं. मला मात्र चैन नाही, म्हणून हा कागद घेऊन बसले. फाडूनच टाकणार आहे म्हणा. आई, त्या दिवशी तू दारामागे होतीस तेव्हा मीही तिथेच होते. तुझा पदर धरून भोकाड पसरलं होतं, मला बाबांकडे जायचंय म्हणून. तू बराच वेळ माझ्याकडे बघत राहिलीस. मग मला जवळ ओढलंस आणि माझी वेणी घालायला घेतलीस. कादंबरीतल्या तिला मी मूलच दिलेलं नाही.