ओगुरासानच्या शेजारची जागा

प्रिय चिहारू,

पत्राची सुरुवात ऋतूच्या चार ओळींनी करायची असते, पण आज त्सुवानोत इतकं लख्ख ऊन पडलंय की त्याचं वर्णन करत बसले तर ते बघायचंच राहून जाईल. म्हणून थेट सांगते. मी ठणठणीत आहे. गुडघा कुरकुरतोय, पण तो घरीही कुरकुरतोच. मघाशी फोनवर तुला म्हटलं की बस जाऊ दे परत, मी रविवारपर्यंत इथेच राहते, पाटातले मासे बघायचेत. तू म्हणालीस, "आई, मासे बघायला तीन दिवस?" तुला पटलं नाही हे मला कळलं. मासे बघून झाले. गुबगुबीत आहेत आणि महाआळशी. राहायचं कारण वेगळंच आहे. ते फोनवर सांगण्यासारखं नाही आणि समोरासमोर तर मुळीच नाही. आपण दोघी रोज एका टेबलावर जेवतो खऱ्या, पण काही महत्त्वाचं बोलायची वेळ आली की तू भांडी घासायला उठतेस आणि मी टीव्हीचा आवाज वाढवते. त्यामुळे पत्र.

तू ही सहल ठरवलीस तेव्हा मी केवढी कटकट केली होती, आठवतंय ना? झेंडा घेतलेल्या मुलीमागून मेंढरांसारखं फिरायचं माझं वय नाही, असं म्हणाले होते. ते शब्द मागे घेते. हिरोशिमाहून निघालेली ही बस म्हणजे जरा वाढलेली मोटारच. आम्ही मोजकी माणसं, सगळी पिकलेली, आणि गाडी चालवणारे हामाओकासान इतिहासही स्वतःच सांगतात. पहिल्याच वळणावर म्हणाले, "डावीकडे समुद्र, उजवीकडे डोंगर, आणि मध्ये मी. ज्याला जे आवडेल ते बघा." इवाकुनीच्या पुलावर मात्र ते एकदम गंभीर झाले. त्या लाकडी कमानी पुरात वाहून गेल्या होत्या, गावानं त्या तशाच पुन्हा उभ्या केल्या, असं सांगून म्हणाले, "लाकूड नवं आहे, पण पूल तोच." कमानीवर चढताना माझा गुडघा काय काय बोलला ते इथे लिहीत नाही.

आता ओगुरासान. बसमध्ये जागा मुबलक होत्या, तरी जांभळी टोपी घातलेली एक चणीनं लहान, पाठीनं ताठ बाई सरळ माझ्याकडे आली. "इथे कुणी नाही ना?" असं विचारून मी उत्तर देण्याआधीच बसली. उमेबोशीची आंबट गोळी माझ्या हातावर ठेवली आणि विचारते काय, "घरी सून आहे?" मी म्हटलं, आहे. "कशी आहे?" उत्तम आहे. "बाहेर सगळ्याच सासवा उत्तम म्हणतात. स्वयंपाकाचं काय?" मला हसू आलं. म्हटलं, मासा करपवते, पण इतक्या मनापासून करपवते की बोलवत नाही. त्यावर या बाई नाक मुरडून म्हणतात, "हल्लीच्या मुली. माझ्या घरी चाललं नसतं." बस, तिथून आमचं जुंपलं. ती सुनांना नावं ठेवणार, मी सगळ्या जगातल्या सुनांची बाजू घेणार. चिहारू, तुझी इतकी तरफदारी मी तुझ्या लग्नातही केली नव्हती. तू न्हाणीघरात बेसूर गातेस तेसुद्धा मी "गोड गाते" म्हणून सांगितलं. पुढच्या बाकावरचे आजोबा मान वळवून आमचं भांडण ऐकत होते. त्यांनी बाहेरचा समुद्र बघितलाच नाही.

जेवताना बोलण्याच्या ओघात तोमोयाचं निघालं. मी सांगितलं की मुलगा गेला, सहा वर्षं झाली, आणि सून माझ्याजवळच राहिली. मग यामागुचीत रुरिकोजी देवळाच्या तळ्याकाठी, समोर तो पाच मजली पॅगोडा, पाण्यात त्याची सावली, मी आपली शांतपणे बघत उभी, तर ही शेजारी येऊन हळूच म्हणाली, "तिला जड जात असेल हो, असं राहणं." मी तिच्याकडे न बघता म्हटलं, "जात असेलही. तिनं कधी दाखवलं नाही. पण तिनं दाखवलं नाही म्हणून मला कळत नाही, असं समजू नका." तिनं पिशवीतून आणखी एक गोळी काढून दिली. ही बाई फटकळ आहे, पण दुष्ट नाही, हे मला त्या गोळीवरून कळलं.

दुसऱ्या दिवशी हागी. चिहारू, या दिवसांत हागीला येऊन बघच. मातीच्या जुन्या भिंतींवरून नात्सुमिकानची, त्या आंबट संत्र्यांची, झाडं वाकलेली. एकाच फांदीवर पिवळी फळंही आणि पांढरी फुलंही, आणि सगळ्या गावभर तो वास. तिथल्या गल्ल्या मुद्दाम वेड्यावाकड्या बांधल्यात, शत्रू आत शिरला तर वाट चुकावा म्हणून. हामाओकासाननी बजावलं होतं की पांगू नका. पण आम्ही दोघी अंड्याच्या गुंडाळीत साखर किती घालावी यावर इतक्या हमरीतुमरीवर आलो की बाकीचे कुठल्या कोपऱ्यावर वळले ते कळलंच नाही. या गल्लीतून त्या गल्लीत, पुन्हा तीच भिंत. शत्रूसाठी लावलेल्या सापळ्यात दोन म्हाताऱ्या सापडल्या. एका कुंपणापलीकडे एक गृहस्थ शिडीवर चढून फळं काढत होते. आमची अवस्था बघून त्यांनी आम्हाला दोन-दोन फळं दिली आणि "सरळ जा, मग सरळ जाऊ नका" असा रस्ताही सांगितला. आम्ही हसत हसत निघालो. ओगुरासाननं फळ हातात तोललं, नाकाशी धरलं आणि म्हणाली, "यातलं एक चिहारूसानसाठी ठेवू या. तिला आंबट आवडतं ना."

मी जागच्या जागी थांबले. दोन दिवस मी "आमची सून, आमची सून" म्हणत होते. तुझं नाव एकदाही घेतलं नव्हतं.

"तिचं नाव तुम्हाला कुणी सांगितलं?" मी विचारलं. ती आधी टोपी सारखी करत राहिली. मग त्या ताठ पाठीनं कमरेतून वाकली, अगदी खालपर्यंत, भर गल्लीत. म्हणाली, "मी रियोहेईची आई. स्टेशनजवळच्या चष्म्याच्या दुकानातला रियोहेई." मी त्यानंच बनवून दिलेल्या चष्म्यातून तिच्याकडे बघत उभी होते! ती बोलतच राहिली. "तो तीन वर्षं विचारतोय. ती नाही म्हणत नाही, हो म्हणत नाही. 'आई एकट्या पडतील,' एवढंच म्हणते. मला राग आला. म्हटलं, कोण ही बाई, अंड्यावर बसलेल्या कोंबडीसारखी त्या मुलीवर बसलेली? तुम्ही सहलीला जाताय असं त्याच्या तोंडून कळलं, तेव्हा मी गुपचूप माझीही जागा ठरवली. त्याला ठाऊक नाही, तिलाही नाही. तुम्हाला खिजवलं की तुम्ही सुनेबद्दल काय ते बोलाल, असं वाटलं." मी म्हटलं, "मग बघितलीत ना कोंबडी?" ती म्हणाली, "बघितली. आणि आता तर मला जास्तच भीती वाटतेय." कसली भीती ते विचारायला मी थांबलेच नाही. तेवढ्यात हामाओकासान शिट्टी वाजवत कोपऱ्यावर आले आणि ओरडले, "शत्रूचे दोन शिपाई सापडले!" सगळी बस हसली. मी मागच्या बाकावर जाऊन एकटी बसले.

खरं सांगते, त्या संध्याकाळी मी रागानं जेवले नाही. म्हणजे भात खाल्ला आणि मासाही, पण गोड टाकलं. तिचा राग आला, त्या मुलाचा आला, सगळ्यांत जास्त तुझा आला. मग खिडकीतून समुद्र बघत बसले आणि एकेक आठवायला लागलं. तुझ्या चष्म्याचा स्क्रू दर पंधरवड्याला ढिला व्हायचा. बाळा, चष्म्याचा स्क्रू इतक्या वेळा ढिला होत नाही. दुकानातून आलीस की तू न्हाणीघरात गायचीस. मला वाटायचं, गरम पाण्यानं बरं वाटतंय. आणि मग तोमोयाच्या अंत्यविधीचा दिवस आठवला. सगळे गेल्यावर तू सूटकेस घेऊन दाराकडे जाशील अशी वाट बघत मी बसले होते. तू आलीस ती तांदूळ धुवायला, आणि म्हणालीस, "आई, उद्या सकाळी किती वाजता उठवू?" तुझं त्या दिवसाचं एक वाक्य मला आजवर पुरलंय. राग कुठे गेला कळलं नाही. उरली ती भीती. तू गेलीस तर सकाळी मला कोण उठवणार, ही.

आज सकाळी सराईच्या गरम कुंडात उतरले तर ओगुरासान आधीच गळ्यापर्यंत पाण्यात, डोक्यावर टॉवेलची घडी. एका पाण्यात बसून फार वेळ रुसता येत नाही. मी विचारलं, "काल कसली भीती म्हणालात?" ती वाफेकडे बघत म्हणाली, "तुमच्याजवळ राहिलेली मुलगी माझ्या घरात येणार. मी काही बोलले की मनात म्हणेल, त्या आई असं बोलल्या नसत्या. माझी जीभ मला आवरत नाही. नवऱ्यालासुद्धा मी शेवटच्या दिवशी पायमोज्यांवरून बोलले." आणि एवढी ताठ बाई रडायला लागली. मला काय झालं कोण जाणे, मला एकदम हसू फुटलं, इतकं की नाकात पाणी गेलं. दोघीही एकमेकींना घाबरून बसलो होतो, आणि मधे तू! मग मी लेकीची आई विचारते तसं सगळं रीतसर विचारून घेतलं. "करपलेला मासा खाल?" "खाईन." "न बोलता?" बराच विचार करून ती म्हणाली, "दोनदा न बोलता खाईन. तिसऱ्यांदा बोलेन." मी म्हटलं, चालेल. खोटं वचन दिलं असतं तर मी उठून गेले असते.

त्सुवानोला येताना मी पुन्हा तिच्या शेजारी बसले. डोंगरावरच्या इनारीच्या देवळात लाल कमानींखालून पायऱ्या चढताना आम्ही एकमेकींना ओढत होतो. कोण कुणाला ओढतंय ते देवालाच ठाऊक. मेणबत्ती आणि तळलेला टोफू वाहिला. ती विचारत होती, काय मागितलंत, पण मी सांगितलं नाही. आम्हा दोघींना इथे सोडून बस निघाली तेव्हा हामाओकासान म्हणाले, "भांडायला आणखी तीन दिवस कमी नाही ना पडणार?" आता ती माझ्या समोर बसून गेंजिमाकी केकचा सगळा रोल एकटीच संपवतेय आणि पत्रात तिच्याबद्दल काय लिहिलंय ते उलटं वाचायचा प्रयत्न करतेय.

तर चिहारू, हे पत्र लिहायचं कारण. जलद टपालानं ते तुला उद्या मिळेल. परवा शनिवारी सकाळी रियोहेई घरी येईल. त्याच्या आईनं मघाशी त्याला फोन केला, आणि ये असं मी स्वतः सांगितलंय. त्याला आत घे. आधी तोमोयाच्या फोटोपुढे उदबत्ती लावू दे, मग चहा दे, आणि तो जे विचारेल त्याला या वेळी उत्तर दे. मी घरात असले तर तू माझ्या तोंडाकडे बघशील, म्हणून मी इथे थांबलेय. तोमोयासमोरचा भात मी ठेवीन, मला दोन हात आहेत. सकाळी उठायला घड्याळ आणीन, आणि रिकामं घर खायला उठलं तर ओगुरासानला भांडायला बोलावीन. ती यायला तयारच आहे. तुझे आईवडील लवकर गेले, त्यामुळे लग्न झाल्यावर जायला तुला कधी माहेर मिळालंच नाही. आजपासून आपलं घर हे तुझं सासर नाही, माहेर. म्हणून पुढे कधी येशील तेव्हा फोन करून, "आई, येऊ का?" असं विचारून येऊ नकोस. माहेरी यायला कुणी विचारतं का?

तुझीच, कुठेही राहिलीस तरी तुझीच,
आई