रेडिओचं कोणी सांगितलं?

३ मे
डॉक्युमेंटरीचा श्रीगणेशा. विषय: मी. म्हणजे, पंच्याऐंशीत इथल्या कम्युनिस्ट सरकारने आम्हा अल्पसंख्य तुर्कांची नावं सक्तीने बदलली, माझा नेदीमचा नायदेन झाला, आणि त्या उलथापालथीत सापडलेला मी. मुख्य प्रश्न: पोलिसांना रेडिओचं कोणी सांगितलं? आई शेजारच्या स्टॉयचोच्या खुराड्यात रेडिओ लपवून तुर्की बातम्या ऐकायची. एके दिवशी पोलीस थेट खुराड्यातच आले. आईला वर्षभर उत्तरेकडच्या कुठल्याशा गावी हद्दपार केलं. मी दहा वर्षांचा.
संशयित एकच. ज्याचं खुराडं तो.
संकल्प: शूटिंग संपेपर्यंत कोणाला अवाक्षर सांगायचं नाही.

४ मे
फक्त बेकरीवाल्या फातमेला सांगितलं. भरवशाची बाई आहे. शिवाय विषय तिनेच काढला. (काय देऊ, असं विचारलं.)

५ मे, सकाळी ८.१०
स्टॉयचो अंडी घेऊन दारात. म्हणाला, काय डायरेक्टरसाहेब, आम्ही खलनायक म्हणे, मग टोपी नवी घालायची का जुनीच चालेल?
याला कसं कळलं? खबरा काढायची सवय, दुसरं काय! आणि छत्तीस वर्षं आम्हाला फुकट अंडी देतोय. एवढी अंडी कोण कोणाला देतं? मनात पाप असल्याशिवाय नाही.
आई हसली. तिचं हसणंही तपासायला हवं.

९ मे
आईची मुलाखत. फुटेज दीड तास. त्यात आई सात मिनिटं बोलली, बाकी वेळ मी प्रश्न समजावत होतो. ती म्हणाली, रेडिओ मेला, तू कशाला सुतक धरतोस, मिरच्या निवडायला बस. निवडल्या. बोटं डोळ्याला लागली. स्टॉयचो कुंपणापाशी उभा राहून सगळं ऐकत होता. कोंबड्यांना दाणे टाकतोय असं भासवत होता. कोंबड्याही सामील.

१२ मे
बालपणाचा भाग लिहिला. बेकरीत एक कातडी कोटवाले सद्गृहस्थ यायचे. मला चॉकलेटचा वेफर द्यायचे आणि मी काय बोलतो ते मन लावून ऐकायचे. अख्ख्या गावात माझी किंमत कळलेला एकटा माणूस! फिल्म त्यांनाच अर्पण करीन म्हणतो. नाव मात्र आठवत नाही.

१६ मे
पोलिसांच्या जुन्या फाइली आता बघायला मिळतात. आईची सही लागते. आई म्हणाली, नाही देणार. मी म्हटलं, तू स्टॉयचोला पाठीशी घालतेस. ती म्हणाली, कोणाला तरी घालतेच आहे.
म्हणजे कबूल! दोघांचं काही होतं का? आई बाहत्तर, तो अठ्ठ्याहत्तर. आजपासून दोघांवर नजर.

२१ मे
नजर ठेवली. ती दही देते, तो अंडी देतो. पुरावा जमतोय. गावात सगळ्यांना बजावलं की हे गुपित आहे.

२४ मे
आईने एकाएकी सही केली. मला भंडावून सोडलंस म्हणाली. एकच अट. वाचून झालं की कुठे न थांबता सरळ घरी जेवायला यायचं. विचित्र अट. काहीतरी शिजतंय.

३ जून
फाइल मिळाली. कॅमेरा चालू ठेवूनच वाचली. पान एकोणीस.
'खबर देणारा: तिचा मुलगा, वय दहा. बेकरीत भेटतो. पैसे लागत नाहीत, एक वेफर पुरतो. विचारावंही लागत नाही.'
खाली: 'शेजारी स्टॉयचो. तीन दिवस चौकशी केली. बाईविरुद्ध एक शब्द बोलला नाही. बस चालवण्याच्या नोकरीवरून काढावा.'
कॅमेरा बंद केला.
सरळ घरी गेलो. आईने ताट वाढलं. म्हणाली, हे पोलिसांनी तेव्हाच वाचून दाखवलं होतं, मला आणि स्टॉयचोला. दहा वर्षांच्या पोराला काय सांगायचं! मग मोठा झालास, तेव्हा तर सांगायची सोयच नव्हती, गावभर झालं असतं.
फार लाज वाटली. इतकी आयुष्यात कधी वाटली नव्हती. आई म्हणाली, जेव. जेवलो.

४ जून
फिल्म बंद.
बेकरीत गेलो. फातमेने विचारलं, सापडला का रे तो? पाव घेतला, पैसे दिले, एक शब्द न बोलता निघालो.
घरी पोचलो तर बातमी माझ्याआधी पोचलेली, की नेदीम आज बोलला नाही. स्टॉयचोकाका चौकशीला आलेले, हातात अंडी. आईने माझ्या कपाळाला हात लावून पाहिला. ताप नव्हता.