गच्चीची किल्ली आणि नऊ किलो मिरची

बोईसर, ऐन चैत्र

तीर्थस्वरूप अण्णांस,

धाकट्या चुलतभावाचा, सुजीतचा, वाकून नमस्कार. तुमचा गुडघा जिना चढू देतो ना? (वहिनी लसणीचं तेल चोळतात की नुसतं गरम करून ठेवतात, तेही कळवा.) आम्ही बरे आहोत, शिंका सोडल्या तर. त्याचंच सांगायचं आहे. फोनवर सांगितलं असतं, पण आमच्या भिंती अशा की मी हॅलो म्हटलं की शेजारचा बोला म्हणतो.

आमच्या सोसायटीचा सेक्रेटरी शैलेश याने गच्चीला कुलूप ठोकलं आणि खाली फळ्यावर लिहिलं, गच्ची फक्त मालकांसाठी. अण्णा, चोवीस फ्लॅट, त्यांतले अठरा भाड्याचे. मालक राहतात भाईंदरला नि बोरिवलीला. ते काय आमच्या गच्चीवर हवा खायला येणार आहेत? पंपाची मोटर जळली तेव्हा रविवारी माझं दुकान उघडून मीच वाइंडिंग करून दिलं (तारापूरला हेल्पर होतो तेव्हापासून मोटर नुसती ऐकून तिचं दुखणं सांगतो). ती तपासायला गच्चीवरच्या टाकीपर्यंत चढलो तेव्हा मी भाडोत्री नव्हतो. आमची मंगला मिरची घेऊन निघाली, की झालो.

वेळ कोणती, तर वर्षाच्या मसाल्याची. मिरचीला तीन कडक उन्हं दिल्याशिवाय कांडप गिरणीवाली हात लावत नाही. किल्ली मागायला गेलो तर शैलेश म्हणतो, "तुमच्या करारात चार भिंती हायत, गच्ची नाय." पुढचं मी बाथरूमच्या खिडकीतून ऐकलं. बायकोला सांगत होता, आज मिरची, उद्या हे भाडोत्री वर खाटा टाकतील.

मग मी करार काढून वाचला. चार भिंती आहेत, बरोबर. त्यांच्या आत काय वाळवू नये, ते मात्र कुठे लिहिलेलं नाही. हॉलमध्ये चादरी अंथरल्या, नऊच्या नऊ किलो मिरची पसरली, दोन्ही पंखे पाचावर केले आणि दार सताड उघडं ठेवलं, हवा खेळती राहावी म्हणून. (शैलेश आमच्या बरोबर समोर राहतो, त्याला मी काय करणार?) पहिली शिंक माझीच. दुपारपर्यंत चारही मजले शिंकत होते. शैलेश नाकाला रुमाल लावून आला. शिंकांतून त्याचं बोलणं नीट कळेना, म्हणून मी तीनदा विचारलं. शेवटी किल्ली हातावर ठेवून म्हणाला, "सुजीतभाय, वर न्या, पाया पडतो." मी म्हटलं, आधी फळा पुसा. पुसला.

अण्णा, जो ज्या छपराखाली राहतो त्याला त्या छपरावरचं ऊन मिळालंच पाहिजे. हा हक्क आहे, मेहेरबानी नव्हे. वहिनींना नमस्कार सांगा. बाकी क्षेम, फक्त माझा आवाज बसला आहे.

तुमचा,
सुजीत

ता. क. खरं काम राहिलंच. सफाळ्याला तुमच्या शेजारच्या माझ्या घरी वरच्या खोल्यांत जो भाडेकरू ठेवलाय, कमलेश, त्याची बायको जमुना माझ्या गच्चीवर वाल वाळत घालते असं कानावर आलंय. मी खोल्या भाड्याने दिल्यात, गच्ची नाही. जिन्याच्या दाराला चांगलंसं कुलूप घाला आणि किल्ली तुमच्याजवळच ठेवा.

ता. क. २. अण्णा, मी मंगला. पत्र पेटीत टाकायला माझ्याकडे दिलं, म्हणून वाचलं. कुलूप आणू नका. ते वाल जमुनाचे नाहीत, माझे आहेत. इथली गच्ची बंद झाली तेव्हा मीच तिच्याकडे पाठवले. अजून दोन उन्हं द्यायची आहेत.