उकव्याला जाणारं लोणी

१४ सप्टेंबर १९६९, बालाघाट

पेरूचं लोणी आज जमलं. गर आटवताना धीर धरला, पळीला चिकटून राहीपर्यंत उतरवला नाही. मागच्या खेपेला पाणी राहिलं होतं, सगळं आंबलं. गार झाल्यावर लोण्यात घोटला, साखर, मिठाची चिमूट. शेजारच्या नर्सबाई, मेरी, तिच्याकडूनच शिकले मी हे. ती बोट चाटत म्हणाली, "अब मेरे से अच्छा बनाती है तू." तिच्या केरळात अननसाचं करतात म्हणे.

ह्यांना नेहमीसारखी एक बरणी वेगळी काढून दिली, उकव्याच्या मॅनेजरसाठी. सोसायटीच्या कामाला हे दर आठवड्याला खाणीवर जातात. मॅनेजरला माझ्या हातचं फळाचं लोणी फार आवडतं. एवढा मोठा माणूस मागून खातो. बरं वाटतं.

१८ सप्टेंबर

ह्यांना हिवताप. दोन गोधड्या घातल्या तरी हुडहुडी जात नाही. उकव्याची फेरी चुकली. तापात सारखं एकच, "बरणी गेली का?" म्हटलं, मॅनेजर काही उपाशी मरत नाही. तर असं पाहिलं माझ्याकडे, की मीच काही वावगं बोलले.

२१ सप्टेंबर

ताप उतरतो, परत चढतो.

गुरुजी येऊन गेले. पितृपक्ष तोंडावर आला. म्हणाले, यंदा सासूबाईंचं श्राद्ध नीट करा. लग्नाला पाच वर्षं झाली, पाळणा हलत नाही, त्या बाईचा आत्मा अडकला आहे. ह्यांचे आईवडील हैजात, पटकीच्या साथीत गेले, हे तेव्हा लहान. तिथी ठाऊक नाही म्हणून आम्ही सर्वपित्रीलाच करतो. गुरुजींचं बोलणं ह्यांना सांगितलं. भिंतीकडे तोंड करून पडून राहिले.

२४ सप्टेंबर

बाजारात सीताफळं आली. ह्याचा गर शिजवला की कडू होतो, म्हणून कच्चाच घ्यायचा, बिया काढून. टिकत नाही फार. ह्यांना न सांगता बरणी घेऊन बसस्टँडवर गेले. म्हटलं तेवढाच ह्यांच्या जिवाला आराम. उकव्याच्या गाडीच्या कंडक्टरला दिली, खाणीच्या मॅनेजरसाहेबांना द्या म्हणून.

तो हसला. "मॅनेजर? भाभी, बाबूजी तो एक बुढ़िया को देते हैं. बौद्ध टोले में. मैं ही तो गाड़ी रोकता हूँ."

कोण म्हातारी?

"माय बोलते हैं उसको. सगी है, शकल मिलती है ना."

बरणी परत मागून घेतली. का घेतली, माहीत नाही. घरी कशी आले तेही…

२५ सप्टेंबर

विचारलं नाही. ताप आहे. कंडक्टरचा काही घोळ झाला असेल. एखादी निराधार म्हातारी असेल, दया येऊन देत असतील, मायेनं माय म्हणत असतील.

मग मॅनेजर कशाला सांगितलं.

२७ सप्टेंबर

उकव्याला जाऊन आले. मेरीला ह्यांच्याजवळ बसवलं, दवाखान्यात जाते सांगून निघाले.

घाट चढून गाडी टोल्याशी, बौद्धांच्या वस्तीशी थांबली. घर विचारावं लागलंच नाही. दारात बसलेल्या म्हातारीचं तोंड म्हणजे ह्यांचंच तोंड. तीच रुंद हनुवटी, तेच बाहेर आलेले कान. हैजात मेलेली बाई तांदूळ निवडत होती.

तिनं आधी माझ्या पायाकडे पाहिलं. लहानपणापासून लंगडते मी, लांबूनही कळतं. मग तोंडाकडे पाहिलं.

"तू वत्सला."

हो म्हटलं.

"मधू मेला का?"

"नाही, नाही. हिवताप आहे. उतरतोय आता."

सूप तिच्या हातून सुटलं. तोंडावर पदर घेऊन रडली, आवाज न करता. पोरगा आला नाही, कोणाला विचारायची सोय नाही, आणि मी दारात उभी. दुसरं काय समजणार ती.

आत नेलं. बुद्धाची तसबीर, खाली झेंडूची दोन फुलं. पेल्यात पाणी दिलं. मी पेला हातात धरून थांबले. क्षणभरच, पण तिनं पाहिलं. मग प्यायले.

तिला दात नाहीत, तोंड सारखं सोललेलं असतं, तिखट चालत नाही. भातात लोणी कालवून खाते. "तुह्याच हातचं खाऊन राह्यली पोरी. उन्हाळ्यातल्या बरणीत आंबा होता. गोड होता."

मी विचारलं, तुम्ही जिवंत असताना त्यांनी असं कसं सांगितलं?

"म्याच सांगतलं त्याले, मले मेली म्हून सांग. तुह्या बापानं तुले देली असती का, मी जिती असती तं?"

मी पेला खाली ठेवला.

"दरसाली माह्यं श्राद्ध करता ना तुम्ही? मधू सांगते. खीर करतेस म्हणे." आणि बोळकं उघडून हसली. "मंग मले काहून नाही धाडली?"

हसत होती ती. सीताफळाचं लोणी पिशवीतच राहिलं, द्यायचं सुचलंच नाही. परत आणलं. बिघडलं आहे.

२८ सप्टेंबर

ताप नाही आज. सांगितलं, "काल उकव्याला गेलते."

उठून बसले. "भेटली?"

"हो."

"जेवली का ती?"

जेवली का! पाच वर्षं ह्या घरात मी जिवंत बाईचे पिंड करवले. गच्चीवर उभी राहून कावळ्यांना हाका मारल्या. कावळा लवकर शिवला नाही त्या साली माझंच काही चुकलं म्हणून रडले. आणि हे विचारतात, जेवली का. ओरडले मी. मेरी धावत आली, तिला परत पाठवलं.

मग म्हणाले, "पहिल्याच साली सांगणार होतो. पण तू खीर करता करता रडली. जिले कधी पाह्यलं नाही तिच्यासाठी रडली. मंग माह्यं तोंडच उघडलं नाही."

"काय सांगणार होता? की आपण बौद्ध आहो?"

"हौ."

आमचं आडनाव असं की कुठेही खपतं. कोणी विचारलं नाही, ह्यांनी सांगितलं नाही. आज हे जेवत होते तर मी पाहत बसले. घास तसाच करतात, ताक तसंच भुरकतात. कोण माणूस आहे हा?

३ ऑक्टोबर

कामापुरतं बोलणं. साय घुसळली नाही, वास मारायला लागली, फेकली. मेरी विचारून विचारून गप्प झाली.

राग खोट्याचा की जातीचा? खोट्याचा, असं लिहिते. पण पेला हातात थांबला होता, तेव्हा कोणतं खोटं आडवं आलं होतं?

बाबांनी तेव्हा फार चौकशी केली नाही. माझा पाय असा. पाहुणे यायचे, पोहे खायचे, मी चालत आत गेले की उठायचे. हे आले ते उठले नाहीत. बाबांना म्हणाले, "पोरगी हसते चांगली." तेही खोटंच होतं का, विचारायचं आहे. विचारवत नाही.

७ ऑक्टोबर

माहेरहून, लालबर्ऱ्याहून निरोप. बाबा अमावास्येला श्राद्धाला येतात. गुरुजींचं म्हणणं त्यांच्यापर्यंत गेलं आहे, म्हणून खिरीला शेतातला चिन्नोर तांदूळ घेऊन येतात.

हे म्हणाले, "यंदा करून टाकू. पुढच्या साली पाहू."

"माझ्या हातून नाही होणार आता. तिनं पाणी दिलं मला."

"बाबा तुले घेऊन जातीन. कायमचं."

मला वाटलं होतं, हे म्हणतील जाऊ नको. तसं म्हणाले नाहीत. उठून सायकल पुसत बसले. पुसलेलीच परत पुसत होते.

१० ऑक्टोबर

गुरुजींना येऊ नका म्हणून सांगितलं. का? म्हटलं घरात अडचण आहे. तोंडाकडे पाहत राहिले, मग गेले. आता गावभर होईल.

ताजी साय धरली होती, घुसळली. सीताफळं पिकलेली मिळाली. एक एक बी काढली, घोटलं. इतके दिवस मॅनेजरसाठी म्हणून करायचे, तरी हात कसा सहज चालायचा. आज कोणासाठी ते माहीत आहे तर साखर किती घालावी तेच कळेना.

उद्या पहिल्या गाडीनं उकवा. हे म्हणाले, "मी येतो संगं." नको म्हटलं. बाबा येतील तेव्हा दार कोण उघडेल?

११ ऑक्टोबर, सर्वपित्री

दार वाजवलं तर म्हातारी आंघोळ करून बसलेली. माझं ऐकून घेतलं. "माह्याच श्राद्धाले येऊ का मी?"

या म्हटलं.

पांढरं लुगडं नेसली, एक गाठोडं घेतलं. गाडीत माझा हात धरून बसली, घाटभर. सोडला नाही. मीही सोडवून घेतला नाही.

घरी आलो तर बाबा ओसरीवर, तांदळाची पिशवी शेजारी. हे खांबाला टेकून. बाबा माझ्याकडे पाहून हसले, मग माझ्यामागे पाहिलं.

"हे कोण व्हय बाई?"

मी तोंड उघडलं. पण आधी हे बोलले.

"माही माय."

बाबांनी ह्यांच्याकडे पाहिलं, तिच्याकडे पाहिलं. परत ह्यांच्याकडे. "तुही माय तं मेली ना?"

"मेली होती, पाटील," म्हातारीच बोलली. "आज जेवाले आली."

"कुठल्या तुम्ही?"

"उकव्याच्या. बौद्ध टोल्यातल्या."

बाबा ओरडतील म्हणून मी डोळे मिटले. ओरडले नाहीत. त्यांच्या ओठांवरचा रंगच गेला. मला एवढंच विचारलं, "तुले ठाऊक होतं?"

"पंधरा दिवसांपासून."

"तरी आणली?"

"हो."

चपला घालून फाटकाशी जाऊन उभे राहिले, आमच्याकडे पाठ करून.

त्यांच्याच तांदळाची खीर चुलीवर चढवली आहे. पाट मांडले. सासूबाई पाटावर बसल्या आहेत, पण घास घेत नाहीत. "व्याह्याले येऊ दे," म्हणतात. मी काय सांगू त्यांना. हे बाबांच्या मागे काही पावलांवर उभे, पुढे जात नाहीत, मागे येत नाहीत. लालबर्ऱ्याची गाडी फाटकासमोर थांबून गेली. बाबा चढले नाहीत. वळलेही नाहीत.

वाट पाहवत नाही म्हणून लिहायला बसले. खीर खाली लागेल, उठते.