सव्वा मूठ गहू

बोरटेक
ता. ३० जुलै १९६८

चि. लोटन यास वहिनीचे अनेक आशीर्वाद.

लग्नात माझा पदर धरून हिंडणारा दीर तू, म्हणून अजून अरेतुरेच करते. कारखान्यात साहेब झालास तरी. इकडे सगळे बरे आहेत. आईंचे गुडघे दुखतात. काळी गाय पहूरला सुपडूमामांकडे पोचवली, नव्या वस्तीत गोठ्याला जागा नाही. पत्र्याच्या खोल्या मिळाल्यात, त्यात माणसांनाच धड पाय पसरता येत नाहीत.

पुढच्या गुरुवारी घरं पाडायला यंत्र येणार. कौतिकनानांचं बिऱ्हाड सुरतेला गेलंसुद्धा. जाताना दाराची चौकट उपटून नेली. भाऊकीतलं आता आपलंच घर उभं आहे, आणि रविवारी त्यात कानबाई माउली बसते.

कारखान्याला जमिनी द्यायच्या कागदावर गावात सगळ्यांआधी तू सही केलीस, त्याचा राग मलाही आहे. उगीच गोड बोलत नाही. पण तुझ्या दादांनी तर तेव्हापासून तुझं नावच टाकलं. कानबाईच्या नैवेद्याच्या रोटासाठी घरातल्या एकेका पुरुषामागे सव्वा मूठ गहू काढायचे, तर तीन वर्षं तुझी मूठ काढली नाही. आई म्हणायच्या, "लोटन बी आपलाच शे ना!" हे मात्र ऐकून न ऐकल्यासारखं करायचे.

काल तुझे दादा सूप घेऊन बसले. स्वतःचे गहू काढले, दोन्ही पोरांचे काढले. मग जरा थांबले. पुन्हा कणगीत हात घातला आणि आणखी सव्वा मूठ सुपात टाकली. मी विचारलं, "ही कोनी?"

"तू गुमान ऱ्हाय," म्हणाले, आणि बाहेर निघून गेले.

ते गहू मी दळून आणलेत. आता काय करू सांग. हा रोट भाऊकीबाहेर कुणाला देता येत नाही, टाकताही येत नाही. एवढी घरं होती तेव्हा पाटी हां हां म्हणता रिकामी व्हायची. तू आला नाहीस तर हे तुला काही बोलणार नाहीत. तुझ्या वाटचाही खातील आणि भिंतीकडे तोंड करून निजतील. मला ते बघवणार नाही रे.

रविवारी कारखाना बंद असतो, तेव्हा पाळीचं निमित्त सांगू नकोस. मोटार फाट्यावर थांबते. हे पत्र ह्यांना न विचारता लिहिलं आहे. आल्यावर तूही काही विचारू नकोस, सहीचं काही काढू नकोस. पाटावर बस आणि जेव.

तुझ्या नावाचं पीठ राखून बसलेली,
तुझी वहिनी झुंबर