लीव्हिओचं शिरस्त्राण

कापुआ, ९ फेब्रुवारी

चि. एत्तोरेस अनेक आशीर्वाद.

फोनवर मला रडू येतं आणि तुला बोलणं सुचत नाही, म्हणून पत्रच बरं. ग्लॅडिएटरांच्या मालिकेत लीव्हिओचे उरलेले प्रसंग तू करणार, हे वाचून आधी हसूच आलं. धाकट्या भावाच्या चिलखतात तुझं पोट मावायचं कसं? शिरस्त्राणाखाली तोंड दिसत नाही म्हणून भाऊ चालतो म्हणे!

समोर रुफिनोच असणार ना? रोमला लीव्हिओच्या खोलीत राहायचा, सुट्टीत त्याच्यासोबत येऊन बारा वर्षं माझ्या हातचं जेवला मेला. चित्रीकरणात आयत्या वेळी वाढवलेला वार त्यानं लीव्हिओला न सांगता केला, पोर चौथऱ्यावरून पडून गेलं. कपडेवालीनं तुला खरं सांगितलं नसतं, तर कळलंही नसतं. चौकशीत हा म्हणाला, लीव्हिओचंच पाऊल चुकलं. मालिकेत दग्याचा सूड घेतात. माझ्या पोराचा कोणी घ्यायचा? तलवार तुझ्या हातात असेल, एवढंच लिहिते.

तुझी आई, असुंता

रोम, २ मार्च

ती. आईस शि. सा. न.

पोट आवळून बांधलं, मावलं. शिरस्त्राणाला आतून अजून लीव्हिओच्या घामाचा वास येतो. पहिल्या दिवशी ते घालून मी उगीच बसून राहिलो.

काल तो प्रसंग झाला. आमच्या लुटुपुटीच्या लढाईत, वार झेलणाऱ्यानं मान हलवल्याशिवाय दुसऱ्यानं मारायचं नसतं. रुफिनोनं मान हलवली, पण ढाल खाली टाकून. तलवार बोथट असली तरी लोखंडी, आणि त्याचा गळा उघडा. तुझं पत्र आठवलं. पण आई, वर गेलेला हात खाली आलाच नाही.

रुफिनो वाळूत बसला आणि सगळ्यांदेखत म्हणाला, चूक माझी होती, काम जाईल म्हणून खोटं बोललो. त्याला काढून टाकलं. मला वाटलं होतं, बरं वाटेल. नाही वाटलं. रागावू नकोस.

तुझा एत्तोरे

कापुआ, २० ऑक्टोबर

चि. एत्तोरेस आशीर्वाद.

सात महिने उत्तर दिलं नाही, कारण रागावलेच होते. देवानं एकाला काळीज दिलं आणि दुसऱ्याला नुसतं पोट, असं म्हणत होते.

गुरुवारी तो भाग लागला. रुफिनोच्या जागी दुसराच कोणी होता. शेजारची कार्मेला म्हणाली, लीव्हिओ काय छान लढतोय! मी मान डोलावली. पण तू तलवार उचललीस आणि मीच ओरडले, नको रे, नको! कार्मेला घाबरून बघतच राहिली.

रुफिनो शनिवारी आला होता. लीव्हिओबद्दल बोलायचंय म्हणाला. मी दार लावून घेतलं. तासभर बाहेर उभा राहिला, मग गेला.

आता वाटतं, लीव्हिओ रोमला काय खायचा, कुणावर जीव जडला होता, आजारी पडला तर उशाशी कोण बसायचं, हे सगळं त्या एकट्याला ठाऊक. आईला यातलं काही माहीत नाही, आणि मी त्याला विचारलंही नाही. कुठे दिसला तर त्याला सांग, असुंतानं बोलावलंय.

तूही ये. माया पातळ होऊ देऊ नकोस, घरात मी एकटीच आहे.

आई