गुस्टावच्या दारावरचं काळं फडकं

७ मे १९१५, लिव्हरपूल

आमची लुसिटानिया बोट बुडवली! जर्मनांनी, पाण्याखालून. प्रवासी, बायका, तान्ही पोरं — सगळ्यांसकट! आमच्या गल्लीतले कितीतरी बाप्ये तिच्या भट्टीवर कोळसा ओढतात. माझा लॅरीही. पण तो या फेरीला परतणारच नव्हता. जाताना बजावून गेला — "आई, न्यूयॉर्कलाच राहतो. गुत्तेवालीशी लग्न करतो." पोरगा नालायक निघाला, याचं आज पहिल्यांदा बरं वाटलं.

८ मे

शेजारची हॅनिगनबाई दुकानात आली. माझ्या जावयाचं, गुस्टावचं दुकान. जन्माने जर्मन, आयुष्य इथे डुकराचं मटण विकण्यात गेलं. "तुझ्या जावयाच्या लोकांनी बुडवली!" म्हणाली. मी म्हटलं, "याच्याकडे बघतेस काय? याला आंघोळीच्या पाण्याचीसुद्धा भीती वाटते!" तणतणत गेली. सॉसेज मात्र घेऊन गेली.

९ मे

पलीकडच्या गल्लीत जर्मनाचं दुकान फोडलं. पियानो खिडकीतून खाली! उद्या आमची पाळी. माझी लेक विनी रडतेय, गुस्टावने दारावर युनियन जॅक लावलाय — उलटा. गाढव!

मग मला सुचलं. मयताच्या घरापुढे इथे कुणी आवाज चढवत नाही. पडदे ओढले, माझ्या जुन्या परकराचं काळं फडकं दाराला बांधलं.

"आई, मेलं कोण?"

"लॅरी. त्याला तिकडे कुठे कळतंय!"

१० मे

आले! विटा, काठ्या, पुढे हॅनिगनबाई. फडकं दिसलं — सगळे थबकले.

"कोण गेलं गं मावशी?" एकाने विचारलं.

"लॅरी. भट्टीवर होता."

रुमालात कांदा होता, डोळे छान वाहिले. टोप्या उतरल्या. एकाने वीट पाठीमागे लपवली.

संध्याकाळी तीच मंडळी सांत्वनाला. हातात हॅम — पलीकडच्या फोडलेल्या दुकानातलं! गुस्टावने चाखून पाहिलं. "मीठ कमी आहे, सासूबाई."

"लॅरी किती कष्टाळू होता!" हॅनिगनबाई म्हणाली. हसू दाबता दाबता मला उचकी लागली. त्यांना वाटलं हुंदका.

११ मे

अजून हॅम.

१२ मे

हॅनिगनबाईचा भाऊ बुडत्या बोटीतून वाचून आला. तोही भट्टीवरचा. म्हणाला, लॅरी त्याच्या शेजारीच होता. गुत्तेवालीशी भांडला आणि सुटत्या जहाजावर चढला.

फडकं राहू दे म्हटलं विनीला.

एकदा तरी शब्द पाळायचा होतास, नालायका.